रायफलीच्या तोंडावरची खाचांची नळी

पूर्व पाकिस्तान, डिसेंबर १९७१. १० तारखेच्या रात्री जमालपूरचा वेढा फोडू पाहणाऱ्या शत्रूपुढे १ मराठा लाइट इन्फन्ट्री, म्हणजे जंगी पलटण, ठाण मांडून होती. हाती ७.६२ मिमीची अर्धस्वयंचलित एसएलआर. तिच्या तोंडावर खाचा पाडलेला 'फ्लॅश हायडर' असे. जळता वायू खाचांतून विखुरला की ज्वाळा आखूड होते. शत्रूपासून लपणे हा दुय्यम लाभ. मुख्य रक्षण अंधाराला सरावलेल्या जवानाच्या डोळ्यांचे.

अमेरिकेत मात्र या भागाच्या वाट्याला वेगळेच भाग्य आले. १९९४ च्या कायद्याने त्याची गणना अर्धस्वयंचलित रायफलींच्या निषिद्ध लक्षणांत केली. उत्पादकांनी तो काढून 'मझल ब्रेक' बसवले : खांद्याला धक्का कमी, कानांना त्रास अधिक. आतली यंत्रणा तीच! २००४ मध्ये कायद्याची मुदत संपली आणि फ्लॅश हायडर परतले.