कूपरेज मैदान

कूपरेज मैदान, ज्याला कूपरेज स्टेडियम असेही म्हणतात, हे मुंबईच्या दक्षिण भागातील फुटबॉलचे जुने क्रीडांगण आहे. ओव्हल मैदानाच्या दक्षिणेस, महर्षी कर्वे मार्गालगत व मंत्रालयाच्या परिसरात ते वसले आहे. चर्चगेट हे त्यास सर्वांत जवळचे रेल्वे स्थानक होय. पश्चिम भारतातील फुटबॉलची नियामक संस्था असलेल्या वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशनशी (संक्षेपाने 'विफा') या मैदानाचा दीर्घकाळचा संबंध आहे. प्रेक्षकक्षमता सुमारे 5,000 आहे.

नाव

'कूपर' म्हणजे लाकडी पिंपे बनविणारा कारागीर, आणि असे कारागीर जेथे काम करीत ती जागा म्हणजे 'कूपरेज'. जहाजांवर पिण्याचे पाणी, खारविलेले मांस, मद्य, दारूगोळा असे सारे काही पिंपांतून जात असल्यामुळे बंदराच्या शहरात हा व्यवसाय अत्यावश्यक होता. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात या कारागिरांची पडवी किल्ल्याबाहेरच्या मोकळ्या जागेत होती व तिच्यावरूनच परिसरास हे नाव मिळाले. त्या काळी समुद्र येथून जवळ होता. विसाव्या शतकातील बॅकबे भरणीनंतर तो पश्चिमेकडे दूर गेला. पिंपे आणि कारागीर दोन्ही लोपले, नाव मात्र टिकले. फुटबॉल पाहावयास येणाऱ्या बहुतेकांस त्याचा मूळ अर्थ ठाऊक नसतो.

रोव्हर्स चषक आणि मैदानाची प्रतिष्ठा

मुंबईत फुटबॉल आणला तो ब्रिटिश लष्करी पलटणींनी. 1891 मध्ये सुरू झालेली रोव्हर्स चषक स्पर्धा ही ड्युरँड चषकानंतरची (1888) देशातील सर्वांत जुन्या स्पर्धांपैकी एक होय. पहिल्या वर्षी वूस्टरशायर रेजिमेंटच्या संघाने ती जिंकली आणि पुढील अनेक वर्षे विजेतेपद गोऱ्या पलटणींकडेच राहिले. 1902 मध्ये स्थापन झालेली बॉम्बे फुटबॉल असोसिएशन व रोव्हर्स स्पर्धेची व्यवस्था पाहणारे मंडळ यांच्या एकत्रीकरणातून 1911 मध्ये विफा आकारास आली. कलकत्त्यात मोहन बागानने अनवाणी खेळून लष्करी संघास हरविले व आय.एफ.ए. शील्ड जिंकली तेही हेच वर्ष. मुंबईत असा दिवस उजाडण्यास आणखी बराच काळ जावा लागला. 1923 मध्ये मोहन बागान रोव्हर्सच्या अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला, पण तेथे लष्करी संघाकडून पराभूत झाला. अखेर 1937 मध्ये बंगळूरच्या बंगलोर मुस्लिम्स या संघाने चषक जिंकून पहिला भारतीय विजेता होण्याचा मान मिळविला.

कूपरेज हे या स्पर्धेचे घर बनले आणि त्यामुळेच मैदानाचे नाव देशभर झाले. 1950 ते 1954 अशी सलग पाच वर्षे हैदराबाद पोलीस संघाने येथे चषक उचलला. त्या संघाचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम हेच पुढे 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथे स्थान मिळविणाऱ्या भारतीय संघाचे प्रशिक्षक होते. रहीम यांची शिस्तबद्ध, छोट्या पासांवर आधारलेली खेळपद्धती मुंबईकरांना वर्षानुवर्षे कूपरेजवरच पाहावयास मिळाली. त्याच ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल करणारे नेव्हिल डिसोझा हे मुंबईच्या फुटबॉलमधूनच पुढे आले होते. 1958 मध्ये कॅलटेक्स या मुंबईच्या कंपनी-संघाने रोव्हर्स जिंकून घरच्या प्रेक्षकांची जुनी तहान भागविली. चषक सर्वाधिक वेळा, म्हणजे 14 वेळा, मोहन बागानने जिंकला. ईस्ट बंगाल, मोहमेडन स्पोर्टिंग, गोव्याचे धेंपो व साळगावकर हे संघही येथे नियमित येत.

1955 मध्ये भारत दौऱ्यावर आलेल्या सोव्हिएत संघाने कूपरेजवर भारताचा 3–0 असा पराभव केला. याच सोव्हिएत संघाने पुढच्या वर्षी ऑलिंपिक सुवर्णपदक पटकाविले. त्यानंतर भारताचा वरिष्ठ संघ मुंबईत आंतरराष्ट्रीय सामना खेळला तो थेट 61 वर्षांनी, 3 सप्टेंबर 2016 रोजी प्वेर्तो रिकोविरुद्ध. तो सामनाही कूपरेजवर नव्हे, तर अंधेरीस झाला.

कंपनी-संघांचा काळ

मुंबईतील फुटबॉल हा मोहल्ल्यांपेक्षा कंपन्या, गिरण्या, बँका व रेल्वे यांच्या आधारावर उभा राहिला. टाटा, मफतलाल, ओर्के मिल्स, पश्चिम रेल्वे, एअर इंडिया, महिंद्र अशा संघांत खेळाडूस नोकरी मिळे आणि सायंकाळी कूपरेजवर हारवूड लीगचा सामना असे. कोल्हापुरात जे काम तालमींनी केले ते मुंबईत हजेरीपटाने केले, असे म्हणावयास हरकत नाही. या व्यवस्थेचे बळ व दौर्बल्य एकच होते: कंपनीने हात आखडता घेतला की संघ संपे. 2005–06 ची राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकणारा महिंद्र युनायटेड 2010 मध्ये विसर्जित करण्यात आला. 2007 मध्ये स्थापन झालेल्या मुंबई एफ.सी. या व्यावसायिक क्लबनेही 2017 मध्ये वरिष्ठ संघ बंद केला. रोव्हर्स चषक तर 2000–01 नंतर भरलाच नाही.

नूतनीकरण व सद्यःस्थिती

फिफाच्या साहाय्याने मैदानावर कृत्रिम हिरवळ बसविण्यात आली. या कामाच्या काळात मुंबई एफ.सी.ला आपले घरचे सामने पुण्याच्या बालेवाडीत खेळावे लागले. मुंबईच्या पावसात नैसर्गिक मैदानाचा जो चिखल होई तो प्रश्न कृत्रिम हिरवळीमुळे सुटला आणि एका दिवसात अनेक सामने घेता येऊ लागले. आसनक्षमता मात्र मर्यादितच राहिली. चारी बाजूंनी रस्ते, उद्यान व इमारती असल्याने विस्तारास वाव नाही. 2014 मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाली, तेव्हा मुंबई सिटी एफ.सी.ने प्रथम नवी मुंबईतील डी. वाय. पाटील स्टेडियम व नंतर अंधेरीचे मैदान निवडले. कूपरेजवर आता प्रामुख्याने मुंबईतील स्थानिक लीगचे तसेच वयोगटांतील व महिलांचे सामने खेळविले जातात.