गहाणाची फेड : मुद्दल, व्याज आणि काळ

जुन्या घराची आवराआवर करताना माळ्यावरच्या पेटीत हटकून सापडणारी वस्तू म्हणजे गहाणखत. पिवळा पडलेला मुद्रांकाचा कागद, मोडी किंवा बाळबोध वळण, चतुःसीमा, साक्षीदारांच्या सह्या, अंगठे. किती रुपये घेतले आणि दरमहा शेकडा किती व्याज ठरले, हे त्या कागदावर स्पष्ट असते. शेवटी एकंदर किती रुपये फेडावे लागले, हे मात्र त्यावर कधीच नसते. तो आकडा काळाच्या ओघात तयार होतो आणि बहुधा ऋणकोला तो सर्वांत शेवटी कळतो. या न लिहिलेल्या आकड्याला आवर घालण्याचे प्रयत्न आपल्याकडे फार पूर्वीपासून झाले. त्या प्रयत्नांतून सुटण्याच्या वाटाही तितक्याच जुन्या आहेत.

धर्मशास्त्रकारांनी गहाणास 'आधि' म्हटले. तारणावर दिलेल्या कर्जास मनुस्मृतीने वसिष्ठाचा म्हणून जो दर सांगितला, तो दरमहा ऐंशीवा भाग, म्हणजे वर्षाला शेकडा १५ इतका होता. एकरकमी घेतलेले व्याज मुद्दलापेक्षा अधिक होऊ नये, हा दंडकही तिथलाच. पुढे तो 'दामदुपट' या नावाने व्यवहारात रुळला. याज्ञवल्क्यस्मृतीवरील 'मिताक्षरा' ही विज्ञानेश्वराची टीका चालुक्य विक्रमादित्य सहावा याच्या कल्याणीच्या दरबारात लिहिली गेली. ते कल्याण पुढे निजामाच्या राज्यात गेले आणि आज बसवकल्याण या नावाने बिदर जिल्ह्यात आहे. नुसते जपून ठेवायचे ते गोप्य गहाण आणि धनको ज्याचा उपभोग घेतो ते भोग्य गहाण, असा भेद या परंपरेत आहे. विज्ञानेश्वर त्याखेरीज 'क्षयाधि' नावाचा एक प्रकार सांगतो. दुप्पट झालेल्या ऋणाइतके धन गहाण जमिनीच्या उत्पन्नातूनच धनकोच्या पदरी पडले, की जमीन सोडून दिलीच पाहिजे, असे त्याचे स्वरूप आहे. हे गहाण स्वतःच्या उत्पन्नाने झिजत जाते.

इंग्लंडातही बाराव्या शतकात ग्लॅनव्हिल याच्या नावावर असलेल्या ग्रंथात जवळजवळ हाच भेद दिसतो. ज्या गहाणाचे उत्पन्न कर्जात वळते होते ते 'जिवंत' गहाण, ज्याचे होत नाही ते 'मृत' गहाण. आज बँकेच्या अर्जावर दिसणारा 'मॉर्गेज' हा शब्द त्या मृत गहाणाचाच वंशज आहे. दिलेला पैसा मुद्दलाला लागतो की नाही, हा प्रश्न दोन्हीकडच्या शास्त्रकारांना एकसारखाच सुचला, याचे फारसे आश्चर्य वाटायला नको. गहाणाच्या व्यवहाराचे मर्म तेच आहे.

महाराष्ट्रात रूढ असलेले प्रकार या दृष्टीने पाहावेत. नजरगहाणात जमीन कुळाच्याच ताब्यात राहते आणि सावकार व्याज घेतो. ताबेगहाणात जमीन सावकाराकडे जाते आणि तिचे उत्पन्न व्याजापोटी धरले जाते. यातला दुसरा प्रकार वरवर सोपा वाटतो, कारण रोख काही द्यावे लागत नाही. परंतु शंभर रुपयांस गहाण पडलेल्या जमिनीचे निव्वळ उत्पन्न वर्षाला ३० रुपये असेल, तर २० वर्षांत सावकाराच्या घरी ६०० रुपये जातात आणि कुळाच्या माथ्यावरचे १०० रुपये तसेच राहतात. मृत गहाण म्हणजे नेमके हेच. तिसरा प्रकार मुदत-खरेदीचा. ठरलेल्या मुदतीत पैसे न दिल्यास गहाण हीच विक्री ठरावी, अशी त्यात अट असे.

मग दामदुपट असताना कुळे बुडाली कशी? याचे उत्तर एका चांगल्या हेतूने केलेल्या कायद्यात आहे. १८५९च्या मुदतीच्या कायद्याने साध्या रोख्यावर दावा लावण्याची मुदत तीन वर्षांवर आणली. जुन्या, विसरलेल्या कर्जांनी लोकांना छळू नये, असा त्यामागचा विचार. व्यवहारात उलटेच घडले. मुदत संपत आली की सावकार कुळाला बोलावून नवा रोखा लिहून घेई, आणि त्या रोख्यात जुने मुद्दल व थकलेले व्याज मिळून नवे मुद्दल होई. दरमहा शेकडा दोन रुपये हा दर तेव्हा असामान्य नव्हता. त्या दराने १०० रुपयांचे तीन वर्षांत १७२ होतात. रोखा बदलला की सहा वर्षांनी २९५, नऊ वर्षांनी ५०८ आणि बारा वर्षांनी ८७५. दामदुपटीचा दंडक पाळूनच हे घडे. कारण प्रत्येक रोख्यात व्याज मुद्दलाहून कमीच दिसे. शिवाय कर्ज देतानाच 'मनोती'च्या नावाखाली काही रक्कम कापून घेतली जाई. म्हणजे हातात पडलेल्या रकमेपेक्षा कागदावरची रक्कम पहिल्या दिवसापासूनच मोठी.

त्यात भावांची भर पडली. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ ते १८६५ या काळात कापसाला सोन्याचा भाव आला, सावकारांनी हात सैल सोडला, कुळांनीही घेतले. युद्ध संपले, भाव कोसळले. १८६७पासून इंदापूर तालुक्यापासून सुरू झालेल्या फेरजमाबंदीने सारा वाढला. कर्जाचा आकडा तोच राहिला, पण तो फेडण्यासाठी पूर्वीपेक्षा कितीतरी जास्त माल विकावा लागू लागला. कर्जाचे ओझे रुपयांत मोजणे पुरेसे नसते, ते धान्याच्या पोत्यांतही मोजावे लागते, हे दख्खनच्या शेतकऱ्याला अर्थशास्त्राचे पुस्तक न उघडताच कळले.

१२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे बाजारच्या दिवशी उठाव झाला आणि पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतील गावागावांत तो पसरला. लोकांचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. रोखे, खते, हुकूमनामे बाहेर काढून ते जाळण्यात आले. जिथे सावकाराने ते मुकाट्याने दिले, तिथे सहसा मारहाण झाली नाही. या घटनेला केवळ दंगल म्हणून निकालात काढणे अन्यायाचे होईल. कोणत्या कागदामुळे आपण बुडालो, हे त्या निरक्षर माणसांनी अचूक ओळखले होते. फक्त एका गोष्टीत त्यांची गल्लत झाली. कागद जळाला तरी न्यायालयात दुसरी प्रत असू शकते, आणि पुढच्या पेरणीला बी-बियाण्यासाठी त्याच दारात जावे लागते.

सरकारने नेमलेल्या आयोगाचा अहवाल १८७६मध्ये आला, आणि वासुदेव बळवंतांच्या बंडाने गाजलेल्या १८७९ सालीच दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. प्रथम तो पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. या कायद्याने न्यायाधीशाला रोख्यामागे जाण्याचा अधिकार दिला, ही त्या काळी फार मोठी गोष्ट होती. व्यवहार सुरू झाल्यापासूनचा इतिहास उकलायचा, मुद्दल वेगळे, व्याज वेगळे मांडायचे, व्याजावरचे व्याज काढून टाकायचे आणि मग येणे ठरवायचे. म्हणजे न लिहिलेला आकडा न्यायालयाने लिहून काढायचा. हप्ते बांधून देण्याची सोय झाली. ऋणकोला पावती मिळण्याचा हक्क मिळाला. त्याच्या आधी फेडलेल्या पैशाची नोंद सावकाराच्या वहीत असे, आणि वही सावकाराच्या घरी!

कायद्याला यश आले ते अर्धेच. पंचाईत टाळण्यासाठी सावकार गहाणाऐवजी थेट खरेदीखतच लिहून घेऊ लागले. तोंडी वचन असे की पैसे दिलेस की जमीन परत. त्यामुळे खरेदीखत हे वस्तुतः गहाणच आहे, असे दाखवणारा तोंडी पुरावा ऐकण्याची मुभा दुरुस्तीने द्यावी लागली. १८८२च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने गहाण सोडवण्याचा ऋणकोचा हक्क मान्य केला होता, तरी मुदत-खरेदीची पळवाट काही अंशी बुजवण्यासाठी १९२९ची दुरुस्ती व्हावी लागली. परत देण्याची अट त्याच दस्तात असली तरच तो व्यवहार गहाण मानला जाईल, असे तिने ठरवले. हा नियम दुधारी होता. अट वेगळ्या कागदावर असलेल्या गरिबाला त्याने वाऱ्यावर सोडले.

कायद्यापेक्षा पर्यायी पतपुरवठाच उपयोगी, असे म्हणणाराही एक पक्ष होता. सर विल्यम वेडरबर्न यांनी पुरंदर तालुक्यासाठी शेतकी बँकेची योजना मांडली; हिंदुस्थान सरकारने ती उचलून धरली, विलायतेच्या भारतमंत्र्याने ती फेटाळली. जोतीराव फुले यांनी 'शेतकऱ्याचा असूड' याच दशकात लिहिला आणि तो बडोद्यात सयाजीराव महाराजांना वाचून दाखवला. त्याच बडोद्यात १८८९मध्ये विठ्ठल लक्ष्मण उर्फ भाऊसाहेब कवठेकर यांच्या पुढाकाराने 'अन्योन्य सहाय्यकारी मंडळी' उभी राहिली. ब्रिटिश हिंदुस्थानात सहकाराचा कायदा व्हायला अजून पंधरा वर्षे अवकाश होता. बृहन्महाराष्ट्रातील मराठी माणसाच्या खाती जमा करावी अशी ही नोंद आहे. तिला आपल्या स्मरणिकांतून जितकी जागा मिळते, त्याहून अधिक मिळायला हवी.

१९२९नंतरच्या जागतिक मंदीत शेतमालाचे भाव पुन्हा ढासळले, कर्जे पुन्हा फुगली. तालुक्यांतून भूतारण बँका निघाल्या, १९३९मध्ये मुंबई इलाख्यात ऋणमोचनाचा नवा कायदा आला. तो इतिहास स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

गेल्या अर्धशतकात गहाणाचा चेहरा बदलला. हसमुखभाई पारेख यांनी १९७७मध्ये स्थापन केलेल्या एचडीएफसीने पगारदार माणसाला घरासाठी दीर्घ मुदतीचे कर्ज सुलभ केले, पुढे बँकाही त्यात उतरल्या. सावकार गेला, समान मासिक हप्ता आला. हिशेब उघड झाला, दर कितीतरी उतरला, पावती दरमहा मिळू लागली. या सुधारणेचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही. तरीही मूळ प्रश्न, म्हणजे दिलेला पैसा मुद्दलाला किती लागतो, तसाच शिल्लक आहे.

एक लाख रुपये वर्षाला शेकडा ९ दराने २० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे ९०० रुपये येतो. पहिल्या हप्त्यातले ७५० रुपये व्याजाचे, मुद्दलात जातात अवघे १५०. निम्मे मुद्दल फिटायला १४ वर्षे लागतात. वीस वर्षांत एकूण सुमारे २,१६,००० रुपये जातात, म्हणजे व्याज मुद्दलाहून अधिक. दामदुपटीचा भंग मात्र होत नाही, कारण तो दंडक एका वेळी थकलेल्या व्याजापुरताच होता. दरमहा फेडलेले व्याज त्यात धरलेच जात नसे. महाराष्ट्राच्या २०१४च्या सावकारी नियमन कायद्यातही मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करण्यास मनाई आहे, पण बँका त्या कायद्याच्या कक्षेत येत नाहीत.

मुदत १० वर्षे ठेवली, तर हप्ता सुमारे १,२६७ आणि एकूण फेड १,५२,०००. ३० वर्षे केली, तर हप्ता ८०५ आणि एकूण फेड २,९०,०००च्या आसपास. वीसवरून तीस वर्षांवर जाताना महिन्याला ९५ रुपये वाचतात आणि अखेरीस ७४,०००च्या जवळपास जास्त जातात. ताबेगहाणाप्रमाणेच इथेही सोपेपणाचीच किंमत भरावी लागते.

हिशेबाच्या रीतीतही पैसा दडलेला असतो. १९९०च्या दशकात अनेक गृहकर्जांवर व्याज वार्षिक शिलकेवर आकारले जाई. वर्षभर हप्ते भरले तरी त्यांचा वजावटीचा लाभ वर्ष संपल्यावरच मिळे. शेकडा १२ दराने १५ वर्षांसाठी घेतलेल्या एक लाखावर या एका रीतीमुळे, मासिक शिलकेच्या तुलनेत, सुमारे ४,२०० रुपये जास्त जात. दर तोच, कागदही तोच.

बदलत्या दराच्या कर्जात तर जुन्या रोखा-बदलीची आठवण यावी असे घडते. वरच्याच वीस वर्षांच्या कर्जाचा दर सुरुवातीलाच ९वरून १०वर गेला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० हप्त्यांऐवजी सुमारे ३१४ भरावे लागतात. दर ११वर गेला, तर महिन्याचे व्याजच ९१७ रुपये होते. ९०० रुपयांच्या हप्त्याने मुद्दल उतरण्याऐवजी वाढू लागते. दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे ऋणकोला विचारले पाहिजे आणि कर्ज असे फुगू देता कामा नये, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३मध्ये बजावले.

उलट दिशेनेही गणित तितकेच जोरात चालते. त्याच कर्जात पहिल्या वर्षअखेर १०,००० रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सुमारे ५० हप्ते गळतात. पंचेचाळीस हजारांची देणी दहा हजारांत मिटतात. व्यक्तींच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर असा आगाऊ भरणा करण्यास दंड लावणे बँकांना २०१२पासून बंद झाले आहे. अर्थात हातचे सगळे पैसे कर्जात ओतून आजारपणासाठी पुन्हा महाग कर्ज काढणे यात शहाणपण नाही. आणि १८७०च्या शेतकऱ्याप्रमाणे आजच्या पगारदाराचे भाव पडत नाहीत, बहुधा पगार वाढतात. वीस वर्षांनंतरच्या ९०० रुपयांचे वजन आजच्यापेक्षा हलके असते, दरम्यान घरभाडेही वाचते. एकूण व्याजाचा आकडा पाहून घाबरणाऱ्याने ही बाजूही मांडून पाहावी.

ऑक्टोबर २०२४पासून नव्या किरकोळ कर्जासोबत सर्व शुल्के धरून होणारा वार्षिक दर एका तथ्यपत्रकात छापून देणे बंधनकारक झाले आहे. मनोती आता कागदावर दिसते. आणि कर्ज फिटल्यावर मूळ दस्तऐवज तीस दिवसांत परत करावेत, धनकोच्या दोषाने विलंब झाल्यास दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी, असा नियम डिसेंबर २०२३पासून आला. सुप्याच्या बाजारात लोकांनी जे कागद पेटवले, त्यांपैकी फिटूनही परत न मिळालेले किती होते, ते त्यांच्याबरोबरच जळून गेले.