रस्त्याखालील जमीन आणि मावेजा : तामलवाडी परिसराच्या संदर्भात एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

सोलापूरहून तुळजापूरकडे जाताना जिल्ह्याची हद्द ओलांडल्यावर थोड्याच अंतरावर तुळजापूर तालुक्यातील तामलवाडी हे गाव लागते. पथकर नाक्यामुळे आज ते प्रवाशांना परिचित आहे. 1948 पर्यंत मात्र ही हद्द दोन राजवटींची होती. सोलापूर जिल्हा मुंबई इलाख्यात, तर तुळजापूर तालुका निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. साहजिकच हद्दीच्या एका बाजूस 1894 चा ब्रिटिश भूसंपादन कायदा, तर दुसऱ्या बाजूस 1309 फसलीचा हैदराबाद भूसंपादन कायदा लागू होता. त्या राजवटीचा एक अवशेष भाषेत अद्याप टिकून आहे. शासकीय कागदावर ‘नुकसानभरपाई’ असे लिहिले जात असले, तरी मराठवाड्यातील शेतकरी ‘मावेजा’च मागतो.

मावेज्याचा प्रश्न दराचा आहे असे सामान्यतः मानले जाते. ते अर्धसत्य होय. दराचा वाद उद्भवण्यासाठी आधी संपादन झालेले असावे लागते. अधिसूचना, मोजणी आणि निवाडा असावा लागतो. 1972 च्या दुष्काळात नेमके हेच मागे पडले. मे 1973 मध्ये राज्यातील दुष्काळी कामांवरील मजुरांची संख्या सुमारे 50 लाखांवर गेली होती. पाझर तलाव, बांधबंदिस्ती आणि रस्ते ही त्यांतील प्रमुख कामे. गावाच्या हाताला काम मिळत असताना बांधावरून जाणाऱ्या रस्त्याला शेतकऱ्याने हरकत घेणे अवघड होते. तोंडी संमतीवर किंवा साध्या संमतीपत्रावर अनेक ठिकाणी खडी पडली. रस्ता झाला; सातबाऱ्यावरील क्षेत्र मात्र पूर्वीइतकेच राहिले. म्हणजे जमीन कागदावर मालकाची, वहिवाटीत शासनाची!

पुढे रस्ता रुंद करण्याची वेळ आली, की हा जुना गुंता वर येतो. संपादन करणारे कार्यालय केवळ वाढीव पट्टीचा मोबदला ठरविते. मालक अस्तित्वातील रस्त्याखालच्या जमिनीचाही मावेजा मागतो. एवढी वर्षे गप्प का राहिलात, असा प्रतिप्रश्न त्याला हमखास केला जातो. या प्रश्नाचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने हिमाचल प्रदेशातील दोन प्रकरणांत दिले आहे. 1967-68 मध्ये रस्त्यासाठी जमीन गेलेल्या, सुमारे ऐंशी वर्षे वयाच्या निरक्षर विधवेच्या प्रकरणात जानेवारी 2020 मध्ये न्यायालयाने शासनाचा प्रतिकूल कब्जाचा दावा फेटाळला. एप्रिल 2022 मध्ये 1972-73 च्या एका रस्त्याबाबत तोंडी संमतीचा बचावही अमान्य झाला. दुष्काळी कामांच्या इतिहासाशी हा दुसरा निर्णय विशेष निगडित आहे. विलंबाचे आणखी एक कारणही विसरता येत नाही. उच्च न्यायालयाचे औरंगाबाद खंडपीठ 1981 मध्ये सुरू होईपर्यंत या भागातील शेतकऱ्याला दाद मागण्यासाठी मुंबई गाठावी लागे.

राष्ट्रीय महामार्गाच्या बाबतीत कायद्यानेच वेगळी वाट धरली. 1984 च्या दुरुस्तीनंतर सर्वसाधारण भूसंपादनात बाजारभावावर 30 टक्के दिलासा रक्कम मिळत असे. 1997 मध्ये राष्ट्रीय महामार्ग अधिनियमात जी कलमे घालण्यात आली, त्यांतील ‘3-जे’ने महामार्गासाठी 1894 च्या कायद्याचे दार बंद केले. त्यामुळे तलावासाठी जमीन गेली तर दिलासा रक्कम आणि महामार्गासाठी गेली तर नाही, अशी विषमता निर्माण झाली. 2013 च्या कायद्यातील मोबदल्याच्या तरतुदी महामार्गास 1 जानेवारी 2015 पासून लागू झाल्या. मधल्या काळातील जमीनधारकांना न्याय मिळाला तो सप्टेंबर 2019 च्या निर्णयाने; हा लाभ पूर्वलक्षी असल्याचे फेब्रुवारी 2025 मध्ये पुन्हा स्पष्ट झाले.

तामलवाडीवरून जाणारा पूर्वीचा राष्ट्रीय महामार्ग 211 आज 52 या क्रमांकाचा भाग आहे. सोलापूर ते येडशी या सुमारे 99 किलोमीटर अंतराचे चौपदरीकरण झाले आणि 2018 पासून तेथे पथकर घेतला जाऊ लागला. अशा मार्गावर एकाच गटातील दोन भावांना मिळणारी रक्कमही अधिसूचनेची तारीख, जिरायत-बागायत नोंद आणि बिनशेतीचा आदेश यांनुसार भिन्न असू शकते. निवाडा अमान्य असल्यास केंद्र शासनाने नेमलेल्या लवादाकडे जावे लागते. तेथे विहीर, पाइपलाइन आणि फळझाडे यांची नोंद संयुक्त मोजणीत झाली होती काय, हेच पहिल्यांदा विचारले जाते. जुन्या रस्त्याखालील पट्टीची नोंद तर मुळातच त्या मोजणीत नसते. तिच्यासाठी शेतकऱ्याला जुना फेरफार, टिपण आणि गावनकाशा यांच्या नकला काढाव्या लागतात.