डब्ल्यूपीएक्यू : माउंट एअरीचे नभोवाणी केंद्र
अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील नॉर्थ कॅरोलायना राज्याच्या सरी काउंटीत, माउंट एअरी या गावी असलेले नभोवाणी केंद्र. स्थापना २ फेब्रुवारी १९४८. मध्यम लहरींवर ७४० किलोहर्ट्‌झ कंप्रतेने प्रक्षेपण. ॲपालॅचियन डोंगराळ मुलखातील ‘ओल्ड-टाइम’, ब्लूग्रास व गॉस्पेल संगीत पाऊण शतकाहून अधिक काळ सांभाळणारे केंद्र म्हणून ते ओळखले जाते. अमेरिकेतील सर्वांत दीर्घकाळ चालू असलेल्या थेट संगीत कार्यक्रमांत त्याच्या ‘मेरी-गो-राउंड’ची गणना होते.

माउंट एअरी (लोकसंख्या १०,६११ – २०२०) ब्लू रिज पर्वतरांगेच्या पायथ्याशी, व्हर्जिनिया राज्याच्या सीमेलगत वसले आहे. गावाशेजारी पांढऱ्या ग्रॅनाइटची प्रचंड उघडी खाण आहे. किटी हॉकजवळच्या राइट बंधूंच्या स्मारकाला येथलाच दगड वापरला आहे. तंबाखूची शेती आणि मोजे विणणाऱ्या गिरण्या ही येथल्या लोकांची उपजीविकेची जुनी साधने. अभिनेता अँडी ग्रिफिथ याचा जन्म येथे १९२६ मध्ये झाला. त्याच्या दूरचित्रवाणी मालिकेतील (१९६०–६८) ‘मेबेरी’ या काल्पनिक गावाच्या ओढीने आजही असंख्य पर्यटक येथे येतात. मात्र या मुलखाचा खरा आवाज ऐकायचा तर ७४० हाच आकडा लावावा लागतो.

केंद्राचे संस्थापक राल्फ एपर्सन (१९२१–२००६) हे सीमेपलीकडच्या ॲरारॅट या खेड्यातले. लहानपणापासून त्यांना रेडिओचा नाद होता आणि सभोवतालचे वाद्यसंगीत तर घराघरांत होते. या दोहोंची गाठ घालून देणे हेच त्यांनी आयुष्यभराचे काम मानले. १९५० नंतर दूरचित्रवाणी आणि रॉक अँड रोल यांच्या रेट्यापुढे बहुतेक लहान केंद्रांनी स्थानिक वादकांना निरोप दिला व तबकड्या वाजवायला सुरुवात केली. पुढे कंट्री संगीतही नॅशव्हिलच्या ध्वनिमुद्रणगृहांत घडून साऱ्या देशभर एकाच साच्यात ऐकू येऊ लागले. एपर्सन यांनी मात्र आपल्या केंद्राचे दार शेजाऱ्यापाजाऱ्यांसाठी उघडेच ठेवले. या निष्ठेमुळेच एका छोट्या गावचे हे केंद्र संगीताच्या इतिहासात मानाच्या जागी जाऊन बसले.

प्रक्षेपणशक्ती दिवसा १०,००० वॉट असते. मध्यम लहरी दिवसा जमिनीलगत पसरतात. रात्री त्या आयनांबरावरून परावर्तित होऊन शेकडो किलोमीटर दूर पोहोचतात आणि त्याच कंप्रतेच्या दूरच्या केंद्रांना अडथळा आणतात. म्हणून अशा केंद्रांना सूर्यास्तानंतर प्रक्षेपण थांबवावे किंवा शक्ती पुष्कळ कमी करावी लागते. डब्ल्यूपीएक्यूची ओळखही त्यामुळे दिवसाचे केंद्र अशीच झाली. शेतात, गोठ्यात, कामावर जाता-येता लागलेला रेडिओ हाच त्याचा श्रोतृवर्ग.

‘मेरी-गो-राउंड’ केंद्राच्या आरंभकाळापासून चालू आहे. दर शनिवारी तो मेन स्ट्रीटवरील अर्ल या जुन्या चित्रपटगृहातून थेट प्रक्षेपित होतो. सकाळीच वादक आपापली वाद्ये घेऊन जमतात, खुर्च्या गोलाकार मांडतात. एकाने फिडलवर धून धरली, की बँजो, गिटार आणि उभा बास तिला येऊन मिळतात. कार्यक्रम रंगला, की मंचाजवळच्या मोकळ्या जागेत म्हातारीकोतारी माणसेही ‘फ्लॅटफूट’ नाच करतात. त्यात पाऊल जमिनीपासून फारसे उचलत नाहीत. ताल धरायचा तो टाचेने आणि चवड्याने. बुटांचा तो आवाज ध्वनिक्षेपकातून घरोघरी पोहोचतो.

येथल्या वादनपरंपरेला जवळच्या डोंगराळ वस्तीवरून ‘राउंड पीक’ शैली म्हणतात. फिडल युरोपीय वसाहतकऱ्यांनी आणले, तर बँजोचे मूळ गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकी लोकांच्या वाद्यांत आहे. या शैलीत दोन्ही वाद्ये एकमेकांत घट्ट गुंफलेली असतात. बँजोला अनेकदा पडदे नसतात. बोट तारेवर घसरत स्वर गाठते आणि उजव्या हाताचे नख तारेवर वरून खाली आघात करते. ब्लूग्रासमध्ये वादक आळीपाळीने पुढे येऊन आपले कसब दाखवतात. येथे सगळे मिळून एकच धून पुन:पुन्हा वाजवतात, कारण ती मुळात नाचासाठी असते. टॉमी जॅरेल (१९०१–८५) हे या शैलीचे सर्वश्रेष्ठ वादक. त्यांनी राज्याच्या रस्ते विभागात यंत्रचालक म्हणून नोकरी केली. १९८२ मध्ये त्यांना राष्ट्रीय वारसा सन्मान लाभला. देशभरातून तरुण त्यांच्या टोस्ट येथील घरी शिकायला येत. फिडलवादक बेंटन फ्लिपेन (१९२०–२०११) मोज्यांच्या गिरणीत काम करीत. या केंद्रावर त्यांचे वादन कैक वर्षे ऐकू येत असे.

केंद्रावरील जुन्या थेट कार्यक्रमांची निवडक ध्वनिमुद्रणे राउंडर रेकॉर्ड्‌सने १९९९ मध्ये प्रकाशित केली. एपर्सन यांच्या पश्चात केंद्राची धुरा त्यांचे पुत्र केली यांनी वाहिली. आता इंटरनेटवरूनही ही धून जगात कोठेही ऐकता येते. तरीही शनिवारी अर्लच्या मंचावर आधी पाऊल ठेवतात ती त्याच डोंगरातली माणसे. आठवडाभर कामावर राबलेल्या हातांनी ती वाद्ये जुळवतात आणि केंद्र त्यांचे नाव पुकारते.