दस्त शाबीत करण्याची कुळकथा

मुंबई बेटाच्या उत्तर टोकाला, शीवच्या टेकडीवर, गव्हर्नर जेराल्ड ऑन्जिअरच्या कारकिर्दीत 1669 ते 1677 या काळात इंग्रजांनी जो किल्ला उभारला, तो खाडीपलीकडच्या पोर्तुगीज साष्टीवर नजर ठेवण्यासाठी होता. परंतु 1737 मध्ये मराठ्यांनी साष्टी घेतली, आणि मग 1774 अखेर ती इंग्रजांच्या हाती जाईपर्यंत या खाडीच्या दोन तीरांवर दोन सत्तांबरोबरच, जमीन कोणाची हे ठरविण्याच्या दोन रीतीही समोरासमोर नांदल्या. अलीकडच्या तीरावर मुंबईच्या जमीनधारकांच्या हक्काचे मूळ ऑन्जिअरने 1672 मध्ये त्यांच्याशी केलेल्या करारात होते: दरसाल 20,000 शेराफीन भरावेत आणि जमिनी निर्वेधपणे उपभोगाव्यात. मराठी मुलखात मात्र तंटा उद्भवला की गोत, म्हणजे गावकऱ्यांची व वतनदारांची सभा, जमे आणि महजर, म्हणजे तिच्या निवाड्याचा कागद, होई.

या दुसऱ्या रीतीचे कूळ फार जुने आहे. मनुस्मृतीने गणलेल्या अठरा व्यवहारपदांत सीमाविवादाला स्वतंत्र स्थान असून, शिवेवर वड-पिंपळासारखी झाडे लावावीत, शिवाय दगड, हाडे, कोंडा, राख, खापऱ्या, कोळसे अशा लवकर न कुजणाऱ्या वस्तू जमिनीत पुरून ठेवाव्यात, असे तिचे सांगणे आहे; आणि शीव दाखविणाऱ्या साक्षीदारांनी तांबडी वस्त्रे नेसून, डोक्यावर माती घेऊन खरे सांगावे, असाही दंडक आहे. याज्ञवल्क्याने लिखित, भुक्ती आणि साक्षी ही तीन प्रमाणे मानली, व ती नसतील तेथेच दिव्य सांगितले. कागद, वहिवाट आणि माणूस ही त्रयी आजच्या दिवाणी दाव्यातही मोडलेली नाही.

महजराचा कागद ज्याने हातात धरून पाहिला आहे, त्याला त्यातील शहाणपण पटल्यावाचून राहत नाही. वाद्याची तकरीर (निवेदन), प्रतिवाद्याची तकरीर, निवाडा मान्य करण्याबद्दल उभयतांनी आधीच दिलेले राजीनामे, साक्षीदारांचे जबाब आणि शेवटी निवाडा, असा तो मोडीत लिहिलेला लांबलचक कागद असे. त्यावर हजर असलेल्यांची नावे येत, आणि ज्यांना अक्षरओळख नसे त्यांच्या नावाशी पाटलाचा नांगर, न्हाव्याचा आरसा अशी ज्याच्या त्याच्या वृत्तीची चिन्हे रेखाटली जात. उद्या कोणी हा निवाडा नाकारला, तर तो कोणासमक्ष झाला याचे उत्तर त्या कागदावरच मिळे. कागदाला माणसांचा आधार हवा, हे आपल्या पूर्वजांना कोणी विलायतेहून येऊन शिकविले नाही, हे मी आग्रहाने सांगू इच्छितो.

पुढे 1872 हे साल या कथेत दुहेरी महत्त्वाचे ठरले. कर्नल लॉटन याची मुंबई शहराची मोजणी, जी 1865 पासून चालू होती, ती त्या वर्षी पुरी झाली. आणि जेम्स फिट्झजेम्स स्टीफन याने रचलेला पुराव्याचा कायदा त्याच वर्षी 1 सप्टेंबरला अंमलात आला. आजही शीवच्या जमिनीला सातबारा नसतो. तिला कॅडस्ट्रल सर्व्हे नंबर आणि मालमत्ता पत्रक असते. पण मोजणीचा नकाशा असो की पत्रक, त्याने मालकी आपोआप सिद्ध होत नाही. ती ज्या खरेदीखतावरून सांगायची, ते खत न्यायालयात शाबीत करावे लागते.

येथेच सामान्य पक्षकार फसतो, आणि ते पाहून मन कष्टी होते. झेरॉक्स हजर केली, तिला निशाणी क्रमांक पडला, म्हणजे काम झाले, अशी त्याची समजूत असते. वास्तविक मूळ दस्त दाखल करावा लागतो. तो नसेल तर कोठे आहे, हरवला की प्रतिपक्षाने दडविला, हे आधी सांगून मगच नकलेकडे वळता येते. शिवाय सही कोणाची हे ओळखणारा साक्षीदार पिंजऱ्यात यावा लागतो. नुसता क्रमांक पडल्याने दस्त शाबीत होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1971 मध्येच स्पष्ट केले आहे.

साक्षीदार मरण पावल्यावर काय करावे, यावरचा तोडगा म्हणजे तीस वर्षांचा नियम. तीस वर्षांहून जुना दस्त योग्य ठिकाणाहून, म्हणजे जेथे तो स्वाभाविकपणे असायला हवा अशा ताब्यातून आला असेल, तर त्यावरील सही, अक्षर आणि साक्ष खरी असल्याचे न्यायालय गृहीत धरू शकते. आतील मजकूर खरा आहे, असे मात्र त्यावरून गृहीत धरले जात नाही. इंग्लंडने 1938 मध्ये ही मुदत वीस वर्षांवर आणली. आपल्याकडे 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या 92व्या कलमातही ती तीसच आहे.

म्हणून कागद कोणाच्या पेटीतून निघाला, हा प्रश्न उलटतपासणीत प्रथम येतो, आणि पेटी तर बहुधा वाटणीच्या वेळीच हलविलेली असते. तिच्यातून निघालेला दस्त मोडीतला असेल, तर आधी त्याचे लिप्यंतर करून ते न्यायालयापुढे ठेवावे लागते, आणि त्यासाठी जाणकार वाचक शोधण्यातच पक्षकाराच्या कितीतरी तारखा निघून जातात.