कढीलिंबावरचा बहुरूपी

मंडळी, तुमच्या परसात कढीलिंबाचे किंवा कागदी लिंबाचे झाड असेल, तर त्याच्या कोवळ्या पानावर पाखराच्या विष्ठेसारखी दिसणारी एक बारीक अळी तुम्ही कधीतरी पाहिलीच असेल. पुढे ती हिरवी होते, पाने फस्त करते, कोशात जाते आणि एके दिवशी काळे फुलपाखरू होऊन उडून जाते. इंग्रजीत याला कॉमन मॉर्मन म्हणतात. आपण त्याला बहुरूपी म्हणू. या बहुरूप्याची सोंगे ओळखायला माणसाला दीडशे-दोनशे वर्षे लागली. त्या शोधाचा इतिहास आज सांगायचा आहे. फुलपाखरे मोजत बसून पोट भरते का, असे कुणी विचारील. त्याचेही उत्तर या इतिहासातच आहे; थोडा धीर धरा.

आधी सोंगे पाहू. नर एकाच रूपाचा. काळे पंख आणि मागच्या पंखावर पांढऱ्या ठिपक्यांची एक ओळ. माद्या मात्र आपल्याकडे तीन तऱ्हेच्या. काही अगदी नरासारख्या. काहींच्या मागच्या पंखावर मधोमध पांढरे डाग आणि कडेला तांबड्या कोरी. या कॉमन रोझ नावाच्या दुसऱ्याच फुलपाखरासारख्या दिसतात. तिसऱ्या तऱ्हेच्या माद्या क्रिमसन रोझ नावाच्या फुलपाखरासारख्या : पुढच्या पंखावर पांढरे पट्टे, मागच्यावर तांबडे ठिपके. दोन्ही रोझ फुलपाखरांच्या अळ्या ईश्वरीच्या, म्हणजे सापसंदाच्या जातीच्या वेलींवर वाढतात. त्या वेलींतले विष त्यांच्या अंगात साठते, म्हणून पाखरे त्यांच्या वाटेला जात नाहीत. बहुरूप्याच्या अंगात हे विष नसते. मग ओळखायचे कसे? अंग पाहा. खऱ्या रोझचे अंग तांबडे असते, सोंगाडीचे काळे. सोंग पंखांपुरतेच आहे, बरं का!

1758 साली स्वीडनचे लिनीयस यांनी प्राण्यांना शास्त्रीय नावे दिली, तेव्हा या एकाच जातीच्या निरनिराळ्या रूपांना वेगवेगळ्या जाती समजून वेगवेगळी नावे पडली. त्यात नवल नाही. पेटीत टाचून ठेवलेल्या मेलेल्या फुलपाखरावरून कोण कुणाची मादी हे कसे कळावे?

1848 साली हेन्री वॉल्टर बेट्स आणि आल्फ्रेड रसेल वॉलेस हे दोघे इंग्रज तरुण दक्षिण अमेरिकेत अॅमेझॉन नदीच्या खोऱ्यात गेले. वॉलेस चार वर्षांनी परतले. बेट्स अकरा वर्षे राहिले. त्यांना तिथे दिसले की काही निराळ्या कुळांतली फुलपाखरे बेचव जातींसारखा वेष घेऊन त्यांच्याच थव्यात हिंडतात. 1862 साली त्यांनी त्याचा अर्थ मांडला. पाखरू एकदा विषारी फुलपाखरू चाखते आणि तो रंग लक्षात ठेवते. मग त्याच रंगाचे साधे फुलपाखरूही वाचते. ज्याचे साम्य जास्त, ते जास्त वाचते आणि त्याची संतती वाढते. इथे चित्र काढणारा कुणी नाही. फसलेली चित्रे पुसणारी पाखरे तेवढी आहेत. डार्विन यांचा उत्क्रांतीचा ग्रंथ तीनच वर्षांपूर्वी, 1859 साली निघाला होता. त्याला हा भक्कम आधार मिळाला. इकडे वॉलेस आग्नेय आशियाच्या बेटांत हिंडत होते. 1865 साली प्रसिद्ध झालेल्या निबंधात त्यांनी आपल्या बहुरूप्याचा उलगडा केला : या निरनिराळ्या जाती नव्हेत, एकाच जातीच्या माद्या आहेत.

पण एकाच आईच्या पोटी तीन रूपे कशी? हा प्रश्न पाळूनच सुटणार होता. श्रीलंकेत फ्रायर नावाच्या संशोधकांनी बहुरूप्याच्या पिढ्या वाढवल्या, कोणत्या जोडीला कोणत्या माद्या झाल्या ते मोजले आणि 1913 च्या सुमारास निष्कर्ष प्रसिद्ध केला. वाटाण्यावर मेंडेल यांनी शोधलेले आनुवंशाचे नियम इथेही लागू पडत होते. मोजक्या एक-दोन घटकांवर मादीचे रूप ठरते. नरातही ते घटक असतात, पण दिसत नाहीत. शेतकऱ्याला हे नवे नाही. वळू काही दूध देत नाही. तरी चांगल्या दुधाच्या गाईचा वळू आपण पारखून घेतो, कारण तो गुण त्याच्या कालवडींत उतरतो. तसेच हे.

यावरून मोठा वाद पेटला. केंब्रिजचे प्राध्यापक पनेट यांनी 1915 साली एक पुस्तकच लिहिले. त्यांचे म्हणणे असे : घटक एकच असेल, तर सोंगही एका झटक्यात पुरे तयार झाले असले पाहिजे, थोडेथोडे जमत गेले ही कल्पना खोटी. रोनाल्ड फिशर यांनी 1927 साली उत्तर दिले. पहिला बदल ओबडधोबड असेल. पण त्याने जरासे तरी संरक्षण मिळाले, की पुढे इतर लहानलहान घटकांची निवड होऊन ते सोंग घासूनपुसून नेटके होईल. बोलणे दोघांचेही पटण्यासारखे. निवाडा कोण करणार?

निवाड्याला हात लावला तो एका डॉक्टरांनी. इंग्लंडात लिव्हरपूल येथे सिरिल क्लार्क नावाचे वैद्य होते. त्यांना फुलपाखरे पाळण्याचा नाद. फिलिप शेपर्ड या आनुवंशशास्त्रज्ञाची त्यांना जोड मिळाली. आफ्रिकेतल्या अशाच एका सोंगाड्या फुलपाखराचा संकर त्यांनी मादागास्कर बेटावरच्या त्याच जातीच्या फुलपाखराशी केला. त्या बेटावरच्या माद्या सोंग घेत नाहीत. 1960 च्या सुमारास उत्तर मिळाले : संकरित माद्यांचे सोंग विसकटते. म्हणजे मुख्य घटक एक असला, तरी सोंगाचा नेटकेपणा त्या त्या ठिकाणच्या इतर घटकांवर टिकून होता. फिशर यांचे म्हणणे खरे ठरले.

आता उपयोगाचे. शेजारीशेजारी असलेले अनेक घटक एकजुटीने वारशात येतात, हे फुलपाखरांत पाहताना क्लार्क यांचे लक्ष माणसाच्या आरएच रक्तगटाकडे गेले. तिथेही तसेच असावे असे मानले जात होते. आईचे रक्त आरएच निगेटिव्ह आणि मूल पॉझिटिव्ह असले, तर बाळंतपणात मुलाचे थोडे रक्त आईच्या रक्तात शिरते. आईचे शरीर त्याच्याविरुद्ध प्रतिद्रव्य तयार करते. पहिले मूल बहुधा सुखरूप असते. पण पुढच्या बाळाच्या रक्तपेशी त्या प्रतिद्रव्याने फुटतात, बाळ पिवळे पडते, कधी पोटातच दगावते. लिव्हरपूलला क्लार्क, रोनाल्ड फिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उपाय शोधला. प्रसूतीनंतर लगेच आईला तयार प्रतिद्रव्य टोचायचे. मुलाच्या पेशी नष्ट होतात आणि आईचे शरीर त्यांच्याविरुद्ध उठतच नाही. न्यूयॉर्कमध्येही त्याच सुमारास असेच काम झाले. 1960 च्या दशकाच्या अखेरीस हे इंजेक्शन वापरात आले. त्यालाच अँटी-डी म्हणतात. आजही ते आपल्याकडे दिले जाते आणि प्रसूतीनंतर 72 तासांच्या आत द्यावे लागते. म्हणून गरोदर बाईचा रक्तगट वेळेवर तपासून घ्या, हे घरोघरी सांगायला हवे.

आता बहुरूप्याकडे वळू. पंखावरची नक्षी म्हणजे एकमेकांवर चढलेली बारीक खवले, घरावरच्या कौलांसारखी. प्रत्येक खवला कोशातल्या एकेका पेशीपासून बनतो आणि त्याचा रंग बहुधा एकच असतो. म्हणजे कोणत्या पेशीने कोणता रंग घ्यायचा, हे कोशातच ठरते. हे ठरवतो कोण? 2014 साली कृष्णमेघ कुंटे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उत्तर प्रसिद्ध केले. डबलसेक्स नावाचा एकच जनुक! कीटकांमध्ये शरीर नराचे की मादीचे, हे घडवण्याचे त्याचे जुने काम. त्यालाच बहुरूप्यात नक्षीचे नवे कामही लागले. सोंगाच्या माद्यांमध्ये गुणसूत्राचा या जनुकाचा तुकडा उलटा बसलेला आहे. दोन वह्यांची पाने एकमेकींत बदलता येतात. पण एका वहीत काही पाने उलटी शिवली असली, तर तेवढी बदलता येत नाहीत. तसेच या तुकड्यात साठलेले सारे लहानमोठे बदल एकत्रच राहतात आणि सोंग मोडत नाही. 2015 साली जपानी संशोधकांनी मादीच्या वाढत्या पंखात या जनुकाचे काम थांबवून पाहिले. तेवढ्या जागेपुरती सोंगाची नक्षी गेली! फ्रायर यांनी अळ्या मोजून सांगितलेला घटक शंभर वर्षांनी असा हाताला लागला.

शिक्षकमित्रांनो, यातले बरेचसे तुमच्या शाळेतही पाहता येईल. कढीलिंबावरची दोन-चार अळ्या रोज ताजा पाला घालून बरणीत वाढवा. बरणीच्या तोंडाला फडके बांधा. फुलपाखरू बाहेर पडले, की पंख वाळू द्या, नर की मादी आणि मादी कोणत्या रूपाची ते मुलांना लिहून ठेवायला सांगा, आणि मग त्याला सोडून द्या. पावसाळ्यानंतर गावाच्या शिवारात तांबड्या अंगाची किती दिसली आणि काळ्या अंगाची सोंगाडी किती, हेही मोजा. बेट्स यांच्या म्हणण्याप्रमाणे सोंगे कमी आणि अस्सल जास्त असली पाहिजेत; नाहीतर पाखरांना धडा मिळायचा कसा? तुमच्या शिवारात तसे आहे का, ते मुलांना स्वतः मोजून ठरवू द्या.