निवडीबाहेरचा खेळाडू : बाळू पालवणकर

आंब्याचा मोहोर गळून कैऱ्या धरू लागल्या म्हणजे आमच्या या किनाऱ्यावर दोन उत्सव एकदमच रंगात येतात. एक व्याख्यानांचा आणि दुसरा क्रिकेटचा. पहिल्यास श्रोते किती येतील याची चिंता चालकांना असते. दुसऱ्यास तशी चिंता कधीच करावी लागत नाही. ओहोटी लागली की पुळणीवर यष्ट्या रोवल्या जातात आणि कापणी झालेल्या भातखाचरांत खेळपट्ट्या आखल्या जातात. अलीकडे तर गावोगावच्या स्पर्धांत खेळाडूंचा रीतसर लिलाव होतो. नावे पुकारली जातात, बोली लागते, टाळ्या पडतात. आणि शेवटी एखादे पोर असे उरते की, ज्याचे नाव पुकारूनही कोणी हात वर करीत नाही. ते पोर मान खाली घालून मंडपाबाहेर पडते. आजच्या आमच्या विवेचनाचा नायक त्या पोराच्या जातकुळीचा आहे.

अमेरिकेत 'फुटबॉल' या नावाने जो धसमुसळा खेळ खेळतात त्यात १९३६ सालापासून अशी निवडीची पद्धत आहे. महाविद्यालयांतून बाहेर पडणाऱ्या तरुणांना व्यावसायिक संघ क्रमाक्रमाने निवडून घेतात आणि ज्यांना कोणीच निवडीत नाही त्यांतील काही जण तुटपुंज्या करारावर सराव-शिबिरात शिरतात. लांब फेकलेला चेंडू धावत जाऊन झेलणारे असे कित्येक 'न निवडलेले' गडी पुढे नामांकित झाले. त्यांच्या चरित्रांचे तिकडे मोठे कौतुक होते, आणि ते योग्यच आहे. परंतु त्या पद्धतीत निवडीचा मापदंड निदान खेळाचा तरी असतो. धाव कमी पडली, उंची कमी भरली, म्हणून नाकारले, असे तेथे सांगता येते. ज्याला जन्मापूर्वीच नाकारण्यात आले होते आणि तरीही जो आपल्या देशाच्या क्रिकेटमधील पहिला थोर गोलंदाज ठरला, असा गडी पाहावयाचा तर अमेरिकेला जाण्याचे कारण नाही. तो आमच्याच कोकणचा होता. त्याचे नाव बाळू पालवणकर.

पालवणकरांचे मूळ गाव कोकणातील पालवण. आडनाव त्यावरूनच पडले. घराणे चर्मकार समाजाचे. वडील फौजेत शिपाई होते आणि बाळूचा जन्म १८७५-७६ च्या सुमारास धारवाड येथे झाला. कोकणातील अस्पृश्य समाजाच्या तरुणांना त्या काळी मान वर करून चालता येईल अशी जी एकदोन ठिकाणे होती, त्यांत फौज हे मुख्य होते. आमच्या महाड तालुक्यातील रावढळचे गोपाळबाबा वलंगकर हे असेच फौजेतील पेन्शनर. अस्पृश्यांची फौजभरती बंद पडू लागली तेव्हा तिच्याविरुद्ध अर्ज लिहिणारे आणि अस्पृश्यतेवर लेखणी चालविणारे ते आद्य पुरुष. फौजेत कवाईत मिळे, चार अक्षरे मिळत, आणि छावणीतील पोरांना आणखी एक वस्तू मिळे. गोऱ्या अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या बॅटी नि चेंडू! पुण्याच्या छावणीत बाळू आणि त्याचा धाकटा भाऊ शिवराम हे या टाकाऊ साहित्यावर क्रिकेट शिकले.

बाळूची क्रिकेटमधील पहिली नेमणूक खेळाडू म्हणून झाली नाही. पुण्यात पारशी मंडळींच्या एका क्लबात मैदान झाडणे आणि खेळपट्टीवर रूळ फिरविणे यासाठी महिना ३ रुपयांवर तो लागला. १८९२ च्या सुमारास तो गोऱ्यांच्या पूना क्लबात गेला. पगार ४ रुपये झाला. रूळ ओढावयाचा, चुन्याच्या रेघा मारावयाच्या, जाळी उभारावयाची आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकावयाचे, हे त्याचे काम. त्या क्लबात कॅप्टन ग्रेग नावाचा नामांकित फलंदाज होता. बाळूने आपणास बाद केले की दर खेपेस तो आठ आणे बक्षीस देई, असे सांगतात. महिन्याला ४ रुपये मिळविणाऱ्या मुलाच्या दृष्टीने आठ आणे म्हणजे जवळजवळ चार दिवसांची मजुरी. डावखुऱ्या हाताने संथ गतीने सोडलेला, टप्पा पडताच वळणारा चेंडू बाळूच्या बोटांत बसला तो असा, तासन् तास राबून.

येथे एक गोष्ट ध्यानी घेण्याजोगी आहे. त्या जाळीत बाळूने हजारो चेंडू टाकले. पण बॅट हाती घेण्याची मुभा त्याला कोणी दिली नाही. चेंडू टाकणे हे श्रमाचे काम, ते नोकराने करावे. फलंदाजी हे मानाचे काम, ते साहेबाने करावे, अशी ती वाटणी होती. गोऱ्यांची ही वाटणी आम्हांला परकी वाटण्याचे कारण नाही. ती करण्यात आम्ही त्यांच्याहून पुष्कळच जुने आहोत.

पुण्यातील हिंदूंच्या क्लबाला गोऱ्यांचा पराभव करावयाचा होता. त्यासाठी लागणारा गोलंदाज गोऱ्यांच्याच जाळीत चेंडू टाकीत होता. प्रश्न एवढाच की, त्याला आपल्यात घ्यावे कसे? क्लबातील तेलुगू सभासद अनुकूल होते, महाराष्ट्रीय सभासद विरुद्ध. अखेर जिंकण्याच्या इच्छेने विटाळाच्या भीतीवर मात केली आणि बाळू संघात आला. पण कसा आला? मैदानावर त्याने टाकलेल्या चेंडूला सर्वांनी हात लावावयाचा. चहाची वेळ झाली की सर्वांनी आत बसून चिनी मातीच्या पेल्यांतून चहा घ्यावयाचा आणि बाळूला मात बाहेर, मातीच्या भांड्यातून! जेवणाचे ताट निराळे, बसण्याची जागा निराळी, तोंड धुवावयाचे झाले तर पाणी घालणाराही निराळा. एकच चामड्याचा चेंडू अकरा जणांच्या हातांतून फिरत होता, तो कोणाला बाटवीत नव्हता. बाटवीत होता तो पाण्याचा घोट!

या संघाने पुण्याच्या गोऱ्यांना हरविले. पुढे साताऱ्यास सामना ठरला. बाळूची फिरकी चालू नये म्हणून तेथील गोऱ्यांच्या जिमखान्याने खेळपट्टीवर आठवडाभर रूळ फिरवून ती टणक करून ठेविली होती. तरी बाळूने ७ गडी बाद केले आणि सामना जिंकून दिला. ज्याने स्वतः वर्षानुवर्षे रूळ ओढला, त्याला रुळाच्या धाकाने कोण रोखणार? परतल्यावर न्यायमूर्ती रानड्यांनी जाहीर समारंभात त्याचा गौरव केला. ज्याच्याबरोबर खेळता त्याच्याबरोबर खाणेपिणेही केले पाहिजे, असे रानड्यांनी हिंदू खेळाडूंना बजावले होते. पुढे लोकमान्य टिळकांनीही बाळूची प्रशंसा केली. राजकारणात ज्यांची तोंडे दोन दिशांना, त्या दोघांनाही एका मैदान झाडणाऱ्या मुलाचे कौतुक करावे लागले, हे क्रिकेटचे सामर्थ्य खरेच.

१८९६ च्या प्लेगाच्या धामधुमीत बाळू मुंबईस आला. तेथील हिंदू जिमखान्यातही पुण्याचीच हरकत पुन्हा निघाली आणि पुन्हा जिंकण्याची इच्छा वरचढ ठरली. फेब्रुवारी १९०६ मध्ये मुंबईच्या मैदानावर हिंदू आणि युरोपियन यांचा सामना झाला. हिंदूंच्या धावा २४२ आणि १६०. युरोपियनांच्या १९१ आणि १०२. १०९ धावांनी मिळालेल्या या विजयात बाळू नि शिवराम हे दोघे भाऊ होते. वंगभंगाच्या चळवळीचे ते दिवस. राज्यकर्त्यांना त्यांच्याच खेळात हरविल्याचा आनंद देशभर झाला. आणि अस्पृश्याला संघात घेतल्यानेच हे घडले, असे सुधारकांनी त्याच वेळी दाखवून दिले.

१९११ साली पतियाळाच्या तरुण महाराजांच्या नेतृत्वाखाली हिंदी संघ इंग्लंडला गेला. संघ एकंदरीत अपयशी ठरला. प्रथम दर्जाच्या १४ सामन्यांपैकी १० त्याने गमावले. पण या पराभवांत एका माणसाची कीर्ती वाढत गेली. पस्तिशीच्या बाळूने त्या दौऱ्यात एकूण ११४ गडी बाद केले. प्रथम दर्जाच्या सामन्यांत त्याच्या नावावर सबंध कारकिर्दीत १७९ बळी आहेत, तेही अवघ्या ३३ सामन्यांत, सरासरी १५ धावांस एक. त्याच्या उमेदीच्या काळात अधिक सामने झाले असते तर हे आकडे कोठे गेले असते, याचा हिशेब वाचकांनीच करावा. मुंबईच्या अस्पृश्य समाजात तो त्या काळचा सर्वांत नामांकित पुरुष होता आणि तरुण भीमराव आंबेडकरांनाही त्याच्याविषयी अभिमान वाटे.

इतके झाल्यावर तरी कर्णधारपद मिळावे की नाही? तेथेच गाडी अडली. गोलंदाज म्हणून बाळू हवा होता. पण कर्णधार आज्ञा करतो. ब्राह्मणाला उद्देशून "तू तेथे उभा राहा" असे चर्मकाराने म्हणावयाचे, ही कल्पना निवड समितीला सोसवेना. १९१३ साली कर्णधार झालेल्या एम. डी. पै यांनी भर समारंभात मोकळेपणाने सांगितले की, हा मान वस्तुतः ज्येष्ठ आणि अनुभवी अशा बाळूचा होता. पै यांचा हा मनाचा मोठेपणा इतिहासाने विसरू नये. परंतु पुढच्या वर्षीही निवड समिती जागची हलली नाही, हेही विसरू नये.

बाळूला चार जण म्हणावेत असे भाऊ होते: शिवराम, विठ्ठल आणि गणपत असे तीन, आणि चौथा स्वतः तो. चौघेही हिंदू संघातून खेळले. गणपत १९२० साली अकाली वारला. त्याच वर्षीच्या चौरंगी सामन्यांत पै आजारी पडले, बाळूला वगळण्यात आले आणि नेतृत्व तरुण दि. ब. देवधरांकडे गेले. तेव्हा विठ्ठल आणि शिवराम यांनी खेळण्यास नकार दिला आणि आपली तक्रार जाहीर पत्राने लोकांपुढे मांडली. आमच्या मते या घराण्याच्या चरित्रातील सर्वांत मोठा क्षण हाच. वीसपंचवीस वर्षे बाळूने चेंडूने उत्तर दिले होते. आता भावांनी न खेळण्याने उत्तर दिले. लोकमत हलले. पुढच्या सामन्यास तिघेही परत आले, बाळूला उपकर्णधार करण्यात आले, आणि पै काही वेळ मैदान सोडून आत गेले तेव्हा चर्मकार कर्णधाराच्या हुकमतीखाली हिंदू संघ खेळला. १९२३ साली विठ्ठल रीतसर कर्णधार झाला. अंतिम सामन्यात युरोपियनांचा पराभव झाला आणि लोकांनी त्याला खांद्यावर घेऊन मिरविले.

आता सन १९२३ हे आकडे महाडकरांनी दुसऱ्या एका कारणासाठी स्मरणात ठेविले पाहिजेत. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये मुंबई कायदेमंडळात रावबहादूर बोले यांचा ठराव संमत झाला आणि सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले झाले. महाड नगरपालिकेने त्याप्रमाणे ठरावही केला. पण चवदार तळ्याचे पाणी मात्र ठरावाने ओंजळीत आले नाही. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकर हजारो लोकांसह तळ्यावर गेले, पाणी प्याले, आणि परतणाऱ्यांना मार खावा लागला. तो हक्क उच्च न्यायालयात सिद्ध होण्यास १९३७ चा मार्च उजाडला. पुण्याच्या मैदानाबाहेरील मातीचे भांडे आणि महाडचे तळे यांत अंतर वाटते त्याहून कमी आहे. दोन्ही ठिकाणी प्रश्न एका घोटाचाच होता.

बाळूच्या उत्तरायुष्याविषयी मौन पाळण्याची प्रथा आहे. आम्हांला ती मान्य नाही. १९३२ च्या पुणे कराराच्या वाटाघाटींत तो होता. पुढे फेब्रुवारी १९३७ च्या निवडणुकीत भायखळा-परळ भागातून काँग्रेसने त्याला थेट डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे केले. आंबेडकरांना १३,२४५ मते पडली, बाळूला ११,२२५. कोणी म्हणतात, बाळू हातचे बाहुले झाला. आम्ही तसे म्हणणार नाही. ज्याला सवर्ण समाजाने सावकाश का होईना पण जवळ घेतले, त्याला हृदयपरिवर्तनाचा मार्ग खरा वाटावा हे स्वाभाविक होते. परंतु बाळूजवळ डावखुऱ्या हाताची विद्या होती. ज्याच्याजवळ ती नाही, त्या लाखोंनी काय करावे? या प्रश्नाचे उत्तर आंबेडकरांजवळ होते, आणि म्हणून मतदारांनी दिलेला कौल आम्हांस योग्य वाटतो. बाळू ४ जुलै १९५५ रोजी वारला. त्याआधी राज्यघटनेने अस्पृश्यता नष्ट केली होती.

'गुण असला की माणूस वर येतोच' असे सांगण्यासाठी बाळूचे चरित्र पुष्कळदा वापरले जाते. आमचा निष्कर्ष निराळा आहे. गुणाने बाळूला मैदानाच्या सीमारेषेच्या आत आणले. पण चहाच्या खोलीत आणि कर्णधाराच्या जागी त्याच्या घराण्याला नेले ते गुणाने नव्हे, भावांच्या नकाराने, पैंसारख्याच्या न्यायबुद्धीने आणि जागृत लोकमताने. गुण हा दरवाजा ठोठावतो. आतली कडी काढावयाची ती आत बसलेल्यांनीच.

येत्या रविवारी आमच्या पुळणीवर पुन्हा सामने होतील. संघ निवडणारे ते आमचेच शेजारी, आमचेच भाचे-पुतणे. त्यांनी कोणाला निवडावे हे सांगण्याचा आम्हांस अधिकार नाही. मात्र सामना संपल्यावर पाण्याचा हंडा फिरतो तेव्हा कोण कोणाच्या हातचे घेतो, आणि चेंडू आणून देणाऱ्या पोराच्या हाती बॅट कधी येते, एवढे प्रत्येकाने जाता जाता पाहावे. इतिहासाची परीक्षा तेथेच चालू असते.